एकाच खुर्चीची खोली

वर्ध्याजवळच्या नालवाडीत मे महिन्याच्या दुपारी एखाद्या घरातला कूलर बंद दिसला, तर त्याची कारणं दोनच. एक तर वीज गेलेली असते, नाही तर ते घर ताकसांडेभाऊंचं असतं आणि भाऊ गाणं ऐकत असतात.

बाहेर डांबर मऊ झालेलं, कुत्री नालीत जाऊन बसलेली, आणि हा माणूस दार-खिडक्या लावून, कूलर बंद, पंखा बंद, अशा खोलीत घामाघूम होऊन डोळे मिटून बसलेला. पंख्याचा आवाज गाण्यात मिसळतो म्हणून. मी त्यांची शेजारीण, मधे फक्त कमरेएवढी भिंत. एका कॉलेजच्या ग्रंथालयात माझी नोकरी. आयुष्यभर लोकांना "हळू बोला" सांगून मी दमले होते. त्यामुळे शांततेसाठी इतकं सोसणारा माणूस शेजारी मिळाला याचं मला आधी कौतुक वाटलं. मग त्यांनी एकदा माझ्या मिक्सरबद्दल तक्रार केली आणि कौतुक थोडं कमी झालं.

भाऊ मूळचे नाचणगावचे. पुलगावला शाळा, जबलपूरला ट्रेनिंग, आणि मग सगळी नोकरी टेलिफोन खात्यात, वर्ध्याला. काम लाइन टेस्टिंगचं. म्हणजे बंद पडलेल्या फोनच्या तारेला कान लावायचा आणि बिघाड कुठे आहे ते सांगायचं. यंत्रं होती, पण भाऊ यंत्राच्या आधी सांगत. त्यांचे जुने सहकारी घरी आले की हा किस्सा ठरलेला असे: एकदा देवळीकडची लाइन खरखरत होती. भाऊंनी रिसीव्हर कानाला लावला, दोन मिनिटं ऐकलं आणि म्हणाले, "जॉइंटमधे पानी गेलं. नाचणगावच्या अलीकडे, नाल्याजवळ." नवे आलेले साहेब हसले. जीप घेऊन गेले, खोदलं, तर तिथेच पाणी. साहेबांनी परत येऊन विचारलं, "हे कसं ओळखलं?" भाऊ म्हणाले, "साहेब, सुकी खरखर येगळी, वली खरखर येगळी."

हा किस्सा दुसऱ्या कोणी सांगितला की भाऊ खाली मान घालून चहाच्या कपाकडे बघत. पण सांगणारा "वली खरखर" विसरला, तर मात्र ते आठवण करून देत.

या कानाला ज्या संगीताचं वेड लागलं, ते नालवाडीत दुसऱ्या कोणालाच नव्हतं. जबलपूरच्या हॉस्टेलमधे खोलीतल्या केरळी मुलाकडे एक कॅसेट होती. एका इंग्रज गायक-वादकाची. प्रोग्रेसिव्ह रॉक म्हणतात त्याला, हे मला भाऊंनीच शिकवलं. एकेक गाणं वीस-वीस मिनिटांचं, मधेच ताल बदलणारं, मधेच नुसता पावा, मधेच गडगडाट. भाऊ त्याचं नाव घेत नसत, "आपला माणूस" म्हणत. "आपल्या मानसानं इथं सात मात्रा टाकल्या, पाहा," म्हणून बोटांवर मोजून दाखवत. मला संगीतातलं ओ की ठो कळत नाही. मी सातापर्यंत मोजायची आणि मान हलवायची.

गाणं ऐकायची त्यांची खोली म्हणजे घरातली सर्वांत थंड, मागची खोली. दोन मोठे स्पीकर, आणि त्यांच्यापुढे एक खुर्ची. एकच. टेपनं मोजून ती अशा जागी ठेवलेली की दोन्ही स्पीकरपासून अंतर सारखं. फरशीवर खुर्चीच्या चारही पायांच्या जागी ऑइलपेंटनं चार पांढरे गोल काढलेले. झाडू मारताना खुर्ची हलली तर परत बरोबर गोलांवर यावी म्हणून. मी एकदा विचारलं, "भाऊ, आणखी कोणी आलं तर?"

"येऊ द्या ना," ते म्हणाले. "पन एकानं आयकाचं, दुसऱ्यानं भाईर थांबाचं. स्टिरिओले मधली जागा एकच असते, मॅडम."

त्या खुर्चीवर त्यांच्या बायकोला, सुमनताईंना, बसलेलं मी कधी पाहिलं नव्हतं. सुमनताई अंगणवाडीतून निवृत्त झालेल्या, हसऱ्या, चटपटीत. त्या स्वयंपाकघरात मोबाइलवर जुनी सिनेमाची गाणी लावत आणि भाऊ मागच्या खोलीतून ओरडत, "सुमन, ते डब्यातली माशी बंद कर!" सुमनताई आवाज कमी करत, बंद करत नसत.

मोबाइलवर भाऊंचा राग होता तो याच कारणानं, की त्यातलं गाणं कापलेलं असतं. हे त्यांनी मला कापसाच्या भाषेत समजावलं होतं, आणि तेवढं एक मला पक्कं कळलं. "मॅडम, गाण्याची फाइल मोठी असते. ते लहान कराचे दोन रस्ते. एक गठाणीचा. कापूस दाबून गठाण बांधली, जागा कमी लागली, पन खोलली की कापूस तेवढाच्या तेवढा. हे लॉसलेस. दुसरा रस्ता म्हंजे, लोकायले काय समजते, म्हून अर्धा कापूसच काढून फेकला. ते तुमचं मोबाइलचं गानं. कापूस फेकून द्यासाठी काय त्यानं पेरला होता?"

माणूस आढ्यतेखोर होता का? थोडा होता. पण जयंतीच्या दिवशी त्याच माणसाला बघावं. चौदा एप्रिलला वस्तीतली मिरवणूक निघायची, पुढे डीजेचा ट्रक. भाऊ पांढरा शर्ट घालून ट्रकवर चढायचे, डीजेच्या मिक्सरजवळ बसलेल्या मंडळाच्या पोरांना बाजूला सारायचे आणि धडधड कमी करून गाणाऱ्याचा आवाज वर आणायचे. "छातीत धडधड भरून काय उपेग? बाबासाहेबाईचं गानं आहे, शब्द आयकू आले पायजे." आमच्या वस्तीच्या मिरवणुकीत शब्द ऐकू यायचे. रस्त्याच्या कडेला उभ्या म्हाताऱ्या बाया ओळ न ओळ म्हणायच्या. बाजूच्या वस्तीची मंडळं भाऊंना उसनं मागायची.

ही सगळी प्रस्तावना त्या एका अल्बमसाठी.

झालं असं, की भाऊंच्या आपल्या माणसानं म्हातारपणी एक नवाच अल्बम काढला. छोटी गाणी. तीन-चार मिनिटांची, धृपद असलेली, कुणालाही गुणगुणता येतील अशी. जगभरातले त्याचे चाहते नाराज झाले म्हणे. हा बाजारात जाऊन बसला, पॉप गायला लागला, अशी ओरड. भाऊंची मुलगी प्रज्ञा बंगळूरला असते. तिनं वडिलांच्या वाढदिवसाला तो अल्बम पाठवला, उत्तमातल्या उत्तम लॉसलेसमधे, आणि तो वाजवायला हाताच्या तळव्याएवढा एक डबाही. फोनवर म्हणाली, "बाबा, नाराज नका होऊ, सोपा आहे पण गोड आहे. अन् तिसऱ्या गाण्यात शेवटी मागं एक ट्रँगल वाजतो, ती तिकोनी लोखंडी सळई असते ना, तुमाले लय आवडन."

फेब्रुवारी संपत आला होता. कूलर अजून लागलाच नव्हता; भाऊंनी पंखा बंद केला आणि ऐकलं. ट्रँगल आला नाही.

त्यांनी परत ऐकलं. मग वायर बदलली. मग बंगळूरला फोन. "बेटा, तू चुकून साधी फाइल पाठोली." प्रज्ञानं पुन्हा पाठवली. पुन्हा तेच. "वरचे सगळे आवाज कापलेत याच्यात! झांजा नाई, ट्रँगल नाई. तुले साधी अन् लॉसलेस कळत नाई काय?" हे ते इतक्या जोरात म्हणाले की भिंतीपलीकडे मला ऐकू आलं. प्रज्ञानं फोन ठेवून दिला. नंतर तिनं फोन केला नाही आणि भाऊंनीही केला नाही. सुमनताई मधल्या मधे वाळल्या. भाऊंनी तेवढ्यात निकालही देऊन टाकला होता: अल्बम फालतू आहे, आपला माणूस संपला.

मला तेव्हाच काही गोष्टी लक्षात यायला हव्या होत्या. गेलं वर्षभर भाऊ म्हणायचे, लोक आजकाल तोंडातल्या तोंडात बोलतात. त्यांच्या स्वयंपाकघरात कुकर शिट्टीवर शिट्टी देत असायचा आणि ते शेजारच्या खोलीत पेपर वाचत बसलेले. माझ्या मिक्सरबद्दलची तक्रारही कधीची बंद झाली होती. ती मला त्यांची सभ्यता वाटली.

एका रविवारी सकाळी भिंतीवरून हाक आली. "मॅडम, या बरं. साक्षीदार पायजे."

मागच्या खोलीत भाऊंनी कामाची जुनी डायरी उघडून ठेवली होती. ते खात्यात जसं करत तसंच करणार होते. त्यांची पद्धत अशी: लाइन बंद पडली की सगळी लाइन चालत जायची नाही. मधोमध जायचं आणि तिथे टेस्ट करायची. अलीकडे ठीक आहे? मग बिघाड पलीकडे. मग पलीकडच्याचा अर्धा. असं अर्धं-अर्धं करत बिघाडावर पोचायचं.

त्यांनी स्पीकर काढून हेडफोन लावला. ट्रँगल नाही. डायरीत खूण: स्पीकर ठीक. डबा बदलून कॉम्प्युटर लावला. नाही. डबा ठीक. मग जुना, जबलपूरपासूनचा अल्बम लावला. त्यात घंटा होत्या. त्या ऐकू आल्या. भाऊ खूष झाले. "पाहा! मंग फॉल्ट नव्या फाइलमधेच आहे. लिहू काय?"

तेवढ्यात सुमनताई चहा घेऊन आल्या. कप बशीवर न वाजवता ठेवायची त्यांना सवय होती. भाऊंनी लिहिता लिहिता पेन थांबवला. टेस्ट पूर्ण झाली नव्हती. एक तुकडा राहिला होता. ते खुर्चीवरून उठले.

"सुमन, बस इथं."

"मी?"

"बस. हे कानाले लाव. तिसरं गानं आहे. मागं काही बारीक वाजलं की बोट वर कर."

सुमनताई पदर सावरून खुर्चीच्या कडेवर बसल्या, बसमधे दुसऱ्याच्या सीटवर बसावं तशा. गाणं सुरू झालं. आम्हाला काहीच ऐकू येत नव्हतं, फक्त त्यांचा चेहरा दिसत होता. आधी त्या संकोचल्या होत्या, मग मान हळूहळू डोलायला लागली. आणि शेवटाकडे त्यांनी बोट वर केलं. थोडं थांबून पुन्हा. आणि पुन्हा.

"काय वाजलं?"

"चमचा गिलासाले लागते ना, तसं. लय गोड आहे वो." मग म्हणाल्या, "इतके वर्सं मले कोनी आयक म्हटलंच नाई."

भाऊंनी मला बसवलं. मलाही ऐकू आलं; संगीतातलं न कळणाऱ्यांतली मी, पण ते स्पष्ट होतं. बोट वर गेलं त्या-त्या सेकंदांचे आकडे भाऊंनी लिहून ठेवले होते. सुमनताईंचे आणि माझे तंतोतंत जुळले. मग ते स्वतः बसले, डोळे मिटून, बोट मांडीवर तयार ठेवून. गाणं संपलं. बोट हललं नाही.

मी खिडकीबाहेर पाहिलं. दुसरं काय करणार होते?

"जुन्या गान्यातल्या घंटा कशा आयकू आल्या मंग?" सुमनताईंनी हळूच विचारलं. ते त्यांनी हळू विचारलं म्हणून भाऊंनी त्यांच्या ओठांकडे पाहिलं.

"त्या पाठ हायेत मले," भाऊ म्हणाले. "कान नव्हता आयकून राह्यला. आठवन आयकून राह्यली होती."

त्यांनी डायरी ओढली आणि बिघाड तारेत नसून ग्राहकाकडेच निघाला की खात्यात लिहीत तसा शेरा लिहिला. मग मोठ्यानं वाचलाही: "फॉल्ट सबस्क्रायबरच्या घरात आहे." आणि उठून पंखा लावला. इतक्या वर्षांत त्या खोलीत कोणी ऐकायला बसलेलं असताना पंखा लागलेला मी पहिल्यांदाच पाहिला. मला रडू आलं, खोटं कशाला सांगू.

नंतरचे दिवस वाईट गेले. खोलीला कडी लागली. भाऊ दिवसभर ओट्यावर बसायचे आणि कोणी बोलायला आलं की आत जायचे. ज्या माणसाची आयुष्यभराची इभ्रत कानावर उभी होती, त्याचा कानच गेला, तर त्यानं कोण म्हणून बसावं? वर्ध्याच्या एका दवाखान्यात सुमनताई त्यांना घेऊन गेल्या. वयानं वरचे, बारीक आवाज गेलेत, असं निघालं; कानाला यंत्र लावा म्हणाले. भाऊ उठून आले. "ते यंत्र आवाज दाबते, कापते. जनमभर कापलेला आवाज नाई आयकला, आता आयकू?"

जयंती आली. मंडळाची पोरं बोलवायला आली. "भाऊ, ट्रकवर चला ना." भाऊ म्हणाले, "मले जमत नाई आता." त्या वर्षी मिरवणूक आमच्या दारावरून गेली तेव्हा नुसती धडधड होती. खिडकीच्या काचा थरथरल्या. कडेच्या म्हाताऱ्या बाया गप्प उभ्या होत्या. कुठली ओळ चालली आहे ते त्यांना कळत नव्हतं. भाऊ ओट्यावर होते. त्यांना धडधड ऐकू येत होतीच, तेवढी कोणालाही आली असती. पण बायांची तोंडं बंद आहेत, हे ते बघत होते.

ट्रक पुढे गेल्यावर सुमनताई त्यांच्यासमोर जाऊन उभ्या राहिल्या आणि इतक्या मोठ्यानं बोलल्या की अर्ध्या गल्लीनं ऐकलं.

"यंत्र आवाज कापते म्हन्ता. अन् तुमचा कान काय लॉसलेस आहे? तोच तर कापून राह्यला ना वर्सभर! पोरगी कापली, मानसं कापली, आता जयंती बी कापली!"

भाऊंनी त्यांच्याकडे पाहिलं. मला वाटलं आता भांडण होणार. पण ते म्हणाले, "बराबर बोलली तू." आणि दुसऱ्या दिवशी ऑटो बोलावला.

यंत्र लावलं आणि सगळं छान झालं, असं काही झालं नाही. पहिल्या दिवशी ते वैतागून परत आले. आवाज पत्र्यावानी येतो म्हणाले, चपलेचा आवाज कानात जातो म्हणाले. मला मात्र भिंतीवरून पहिलंच वाक्य आलं ते असं: "मॅडम, तुमच्या फाटकाले तेल द्या. किती किरकिरते!" ते फाटक वर्षभर किरकिरत होतं. मी त्याच दिवशी तेल घातलं. इतक्या आनंदानं मी कोणाची तक्रार कधी ऐकून घेतली नसेल.

मग भाऊ दवाखान्यात स्वतःचा डबा, हेडफोन आणि डायरी घेऊन जायला लागले. तिथली कान तपासणारी तरुण मुलगी आधी घाबरली असावी. चार खेपा झाल्या. तिनं त्यांच्यासाठी बोलण्याचं वेगळं आणि गाण्याचं वेगळं असं सेटिंग करून दिलं. गाण्याच्या सेटिंगमधे यंत्राची दाबादाबी जवळजवळ बंद. भाऊ म्हणाले, "पोरगी हुशार आहे. खात्यात असती तं इंजिनीयर झाली असती." त्यांच्या तोंडून याहून मोठं प्रमाणपत्र मी ऐकलेलं नाही.

बंगळूरचा फोन त्यांनी माझ्यासमोरच लावला. नमस्कार-चमत्कार नाही. "बेटा, फाइल बराबर होती. चूक माही होती. तुले बोललो ते नाई बोलाले पायजे होतं." तिकडून प्रज्ञा काय म्हणाली ते मला कळलं नाही. भाऊंना कळलं, आणि "काय म्हटलं?" असं त्यांना एकदाही विचारावं लागलं नाही.

अल्बमबद्दलचं मतही बदललं. एकदम नाही. आधी "ठीक आहे" झालं, मग "तसा बरा आहे", आणि एका संध्याकाळी भिंतीवर हात टेकून ते म्हणाले, "मॅडम, मी खाली-पिली रुसलो होतो. आपल्या मानसानं काही काढून नाई टाकलं. वीस मिन्टाचं होतं ते चार मिन्टात बांधलं. गठाण आहे ते." पुढच्या जयंतीला ते पांढरा शर्ट घालून ट्रकवर चढले. यंत्र मुद्दाम दिसेल असं लावलं होतं की काय कोण जाणे. बायांनी ओळ न ओळ म्हटली.

त्याच मे महिन्यात मी निवृत्त झाले आणि आर्वीला बहिणीजवळ राहायला निघाले. सामान टेम्पोत चढलं होतं. भर दुपार. निरोप घ्यायला म्हणून मी त्यांच्या घराकडे गेले, तर कूलर बंद. मी समजले आणि दार न वाजवता मागच्या खिडकीशी गेले. ती थोडी किलकिली होती.

खोलीत दोन खुर्च्या होत्या. चार पांढरे गोल मधोमध रिकामे, आणि त्यांच्या दोन्ही बाजूंना एकेक खुर्ची. म्हणजे दोघंही मधल्या जागेपासून थोडे सरकलेले. भाऊंच्या हिशेबानं स्टिरिओ दोघांसाठीही चुकलेला. सुमनताई घडी घातलेल्या पेपरनं दोघांना वारा घालत होत्या. तिसरं गाणं चाललं होतं. एव्हाना ते मलाही ओळखू येत होतं. शेवट जवळ आला तसा सुमनताईंचा पेपर थांबला. दोघांनी डोळे मिटले, दोघांची बोटं मांडीवर तयार.

या खेपेस भाऊंचं बोट आधी वर गेलं.